मागण्यांच्या यादीतलं गरम पाणी

झिंक टाउन नावाच्या खाणवस्तीत गोऱ्या कामगारांच्या घरांत गरम पाण्याचा नळ आहे. मेक्सिकन वंशाच्या कामगारांच्या घरांत तो नाही. सगळी घरं कंपनीचीच, भाडंही कंपनीच घेते. नळ नसलेल्या घरातल्या बाईनं लाकडं फोडायची, चूल पेटवायची, पाणी तापवायचं, कपडे धुवायचे, पोरांना न्हाऊ घालायचं आणि नवरा खाणीतून आला की पुन्हा पाणी तापवायचं. 'सॉल्ट ऑफ द अर्थ' हा १९५४ सालचा अमेरिकन सिनेमा इथून सुरू होतो. पहिल्या काही मिनिटांत ना संप आहे, ना घोषणा. एक गरोदर बाई अंगणात लाकडं फोडते आहे आणि तिचाच आवाज आपल्याला गोष्ट सांगतो आहे. तिचं नाव एस्पेरांझा.

फिल्म क्लबात हा सिनेमा दाखवतात तेव्हा ओळख करून देताना बहुधा दोन गोष्टी सांगतात. एक, हॉलिवूडनं या सिनेमाला वाळीत टाकलं. दोन, खाणकामगारांच्या संपात त्यांच्या बायकांनी त्यांना साथ दिली. पहिली गोष्ट खरी आहे. दुसरीतल्या 'साथ' या शब्दाशी मला या लेखात भांडायचं आहे. ते भांडण फक्त अमेरिकेतल्या एका जुन्या सिनेमापुरतं नाही. सातपुड्याच्या पायथ्याशी, आमच्या खानदेशात, पन्नासेक वर्षांपूर्वी जे घडलं त्याच्याबद्दल बोलतानाही आपण हाच शब्द वापरतो.

आधी सिनेमामागची खरी हकिकत. न्यू मेक्सिको राज्यातल्या ग्रँट काउंटीत एम्पायर झिंक कंपनीच्या खाणीत ऑक्टोबर १९५० मध्ये संप सुरू झाला आणि जानेवारी १९५२ पर्यंत, म्हणजे जवळजवळ पंधरा महिने चालला. 'माइन, मिल अँड स्मेल्टर वर्कर्स' या युनियनची लोकल ८९० ही शाखा तो लढवत होती. जून १९५१ मध्ये कोर्टानं संपकऱ्यांना खाणीच्या रस्त्यावर पहारा द्यायला मनाई केली. पहारा उठला की संपफोडे आत जाणार आणि संप संपणार, हे उघड होतं. पण हुकूम युनियनच्या माणसांना होता. त्यांच्या बायकांबद्दल त्यात काहीच लिहिलेलं नव्हतं. मग बायका रस्त्यावर उभ्या राहिल्या. त्यांच्यावर अश्रुधूर सोडला, अंगावर मोटारी घातल्या, पन्नासहून अधिक बायका-पोरांना तुरुंगात कोंबलं. पहारा उठला नाही.

सिनेमा बनवणारे लोकही त्या काळाचे बळी होते. दिग्दर्शक हर्बर्ट बिबरमन 'हॉलिवूड टेन'पैकी एक, तुरुंगात जाऊन आलेले. लेखक मायकेल विल्सन आणि निर्माते पॉल जॅरिको काळ्या यादीतले. एस्पेरांझाचं काम मेक्सिकोच्या अभिनेत्री रोसौरा रेव्हुएल्तास यांनी केलं. चित्रीकरण चालू असतानाच त्यांना अटक झाली आणि देश सोडावा लागला. तिचा नवरा रामोन झाले हुआन चाकोन, जे खरोखरच लोकल ८९० चे अध्यक्ष होते. बाकीच्या बहुतेक भूमिकांत खाणकामगार आणि त्यांच्या घरची माणसं. अमेरिकेत तेव्हा जेमतेम डझनभर थिएटरांनी हा सिनेमा लावला. १९९२ मध्ये त्याच देशाच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसनं तो जतन करायच्या सिनेमांच्या यादीत घेतला.

ही सगळी पार्श्वभूमी इतकी जबरदस्त आहे की ती सांगता सांगता सिनेमा राहूनच जातो. सिनेमात काय चाललंय ते बघू.

रामोनची तक्रार रास्त आहे. गोरे कामगार सुरुंगाचं काम जोडीनं करतात. मेक्सिकन कामगाराला तेच काम एकट्यानं करायला लावतात आणि त्यात जीव जातो. सुरक्षितता हवी, गोऱ्यांच्या बरोबरीची वागणूक हवी. एस्पेरांझाची तक्रारही बरोबरीचीच आहे. गोऱ्यांच्या घरात नळ आहे, आमच्या घरात का नाही? रामोनचं उत्तर ठरलेलं आहे. आधी कामाच्या जागी बरोबरी मिळवू, बाकीचं नंतर बघू, ते पुरुषांवर सोड. एस्पेरांझा त्यातला 'नंतर' हा शब्द पकडते. बायकांना जे हवं ते नेहमी नंतर, असं ती त्याला सुनावते. तेवढ्यावर प्रसंग संपतो, पण तिथून पुढचा सगळा सिनेमा या एका शब्दाचा हिशेब आहे, असं मला वाटतं.

मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो. आमच्या धंद्यात बॅकलॉग नावाची एक यादी असते. करायची सगळी कामं तिच्यात लिहायची आणि प्रत्येकाला क्रमांक द्यायचा. पहिल्या क्रमांकाची कामं या पंधरवड्यात होतात, दुसऱ्याची पुढच्या. चौथ्या क्रमांकाला टाकलेलं काम होत नाही. ते कुणी नाकारलेलंही नसतं, म्हणून त्यावर भांडता येत नाही. दर बैठकीत कुणीतरी सहानुभूतीनं म्हणतं, हो हो, ते आहे आपल्या यादीत. क्रमांक कोण देतं हे पाहिलं की त्या टीममध्ये कुणाचं चालतं हे कळतं. संपाचं मागणीपत्रक हीसुद्धा अशीच यादी असते. मजुरी, सुरक्षितता, बोनस वरती. पाणी, संडास, राहत्या घराची अवस्था खाली. मालकाशी बोलणी सुरू झाली की देवाणघेवाणीत सगळ्यात आधी खालच्या मागण्या सुटतात. युनियन बायकांच्या मागणीला विरोध करत नाही. फक्त ती शेवटी लिहिते.

पाण्याची मागणी 'घरगुती' वाटायला ते पाणी दुसरं कुणीतरी भरत असावं लागतं. खानदेशात हे समजावून सांगायची गरज नाही. माझ्या लहानपणी आमच्या घरी नळाला आठ-आठ दिवसांनी पाणी यायचं. ज्या दिवशी यायचं त्या दिवसाचं सगळं वेळापत्रक आईचं असायचं. पहाटे तीनला उठणं, टाकी, पिंपं, हंडे, घागरी, मग तांब्यासुद्धा. शेजारच्या घरी लग्न असलं तरी पाण्याच्या दिवशी आई जायची नाही. या कामाला आमच्या घरात कधी कुणी 'काम' म्हटलं नाही. तरी पाणी नसतं तर वडिलांना ऑफिसला आणि मला शाळेत जाता आलं नसतं. एस्पेरांझाचा मुद्दा नेमका हाच आहे. खाणीत उतरणारा माणूस रोज तिच्या चुलीवरच्या पाण्यानं धुतला जातो. ते पाणीही खाणीच्याच कामाचा भाग आहे, फक्त त्याची मजुरी कुणी देत नाही.

या दृष्टीनं सिनेमातला सगळ्यात चांगला प्रसंग युनियनच्या सभेचा आहे. मनाई हुकूम आला आहे. पहाऱ्यावर आम्ही उभ्या राहू, असं बायका सुचवतात. पुरुष हसतात, चिडतात, घाबरतात. मग मतदानाची वेळ येते आणि लक्षात येतं की बायकांना मतच नाही, कारण त्या युनियनच्या सभासद नाहीत. एस्पेरांझा भीत भीत उठते. जे करायचं ते आम्हाला करायचं आहे, तर मत आम्हालाही असावं, एवढंच ती म्हणते. त्यावर तोडगा निघतो तो तांत्रिक. युनियनची सभा तहकूब करायची आणि त्याच जागी, त्याच माणसांची वस्तीची सभा भरवायची. वस्तीत बायकाही राहतात, म्हणून त्यांना मत. ठराव पास होतो.

दिग्दर्शकानं इथे कुठलाही गाजावाजा केलेला नाही. पण संप कुणाचा, या प्रश्नाचं उत्तर त्या तहकुबीत बदललं. युनियनचा संप वस्तीचा झाला. आणि वस्तीचा संप म्हटल्यावर पाणी यादीत खाली ठेवता येत नाही, कारण यादी आता पाणी भरणाऱ्या माणसांचीही आहे. बायका फक्त साथ द्यायला आल्या असत्या तर सभा तहकूब करायची गरजच पडली नसती. साथ द्यायला मत लागत नाही.

पुढे जे होतं ते विनोदी अंगानं येतं. बायका पहाऱ्यावर, पुरुष घरी. रामोन दोरीवर कपडे वाळत घालतोय, लाकडं फोडतोय, पाणी तापवतोय, आणि थोड्याच दिवसांत स्वतःच म्हणू लागतो की गरम पाण्याची मागणी सुरुवातीपासून युनियननं लावून धरायला हवी होती. प्रेक्षक हसतात. त्या हसण्याआड एक कडू गोष्ट आहे. इतकी वर्षं बायकोनं तोंडानं सांगितलेलं त्याला पटलं नव्हतं, हातात कुऱ्हाड आल्यावर पटलं. त्यानंतरचं भांडण मात्र हसण्यासारखं नाही. गोरे साहेब तुला खालचा समजतात तेव्हा तू चिडतोस, मग मला खाली ठेवून तुला बरं का वाटतं, असा एस्पेरांझाचा रोख आहे. रामोन हात उगारतो. ती त्याला बजावते की ही जुनी रीत झाली, पुन्हा असं करायचं नाही. हात खाली येतो.

इथपर्यंत मी सिनेमाच्या बाजूनं आहे. आता त्याच्या उणिवेबद्दल.

पटकथेचा पहिला खर्डा तयार झाल्यावर तो खाणकामगार आणि त्यांच्या बायकांसमोर वाचून दाखवला गेला आणि त्यांच्या सांगण्यावरून बदलला गेला. या गोष्टीचं सगळीकडे कौतुक होतं आणि ते योग्यच आहे. ज्यांची गोष्ट त्यांना ती तपासायचा हक्क देणारे सिनेमावाले आजही विरळाच. पण काय गाळलं गेलं तेही बघायला हवं. रामोनचं दुसऱ्या बाईशी प्रकरण आणि दारूसंबंधीचा एक प्रसंग या चर्चेत गेला. लोकांचं म्हणणं बिनतोड होतं. हॉलिवूडच्या पडद्यावर मेक्सिकन माणूस आला की तो दारुडा नाहीतर बाईलवेडा असायचा. आमच्या लढ्याच्या सिनेमात पुन्हा तेच कशाला?

कारण पटतं, तरी त्याची किंमत कळते. सिनेमातला रामोन गर्विष्ठ आहे, तापट आहे, पण मुळात चांगला आहे. त्याचा हात उगारला जातो आणि हवेतच थांबतो. प्रत्येक घरात तो हवेत थांबत नाही. बाहेरच्या लोकांनी आपल्या पुरुषांना नावं ठेवू नयेत म्हणून घरातली गोष्ट घरातच ठेवायची, हा सौदा जगभरच्या गरीब वस्त्यांतल्या बायकांनी केलेला आहे. 'सॉल्ट ऑफ द अर्थ'नं पाण्याची मागणी यादीत वर आणली. मार आणि दारू यांना यादीच्या बाहेर ठेवलं.

ही जी गोष्ट सिनेमानं बाहेर ठेवली, तिथूनच शहाद्याच्या बायकांनी सुरुवात केली. म्हणून हा सिनेमा बघताना मला शहादा आठवतं.

*

शहादा, तळोदा हे तालुके तेव्हा धुळे जिल्ह्यात होते. १ जुलै १९९८ ला नंदुरबार जिल्हा वेगळा झाला, तेव्हा ते तिकडे गेले. तापीकाठची काळी जमीन, कापूस, केळी, ऊस, आणि वर सातपुडा. या जमिनी एकेकाळी ज्या भिल्ल आणि इतर आदिवासींच्या ताब्यात होत्या, ते कर्जापायी, कागदपत्रांपायी त्याच जमिनींवर सालदार आणि रोजंदार झाले. सालदार म्हणजे वर्षाच्या बोलीवर ठेवलेला गडी. त्याच्या कामाला वेळ नाही, आणि त्याच्याबरोबर त्याच्या बायकोचं काम बहुधा गृहीत धरलेलं. १९७१ मध्ये पाटीलवाडीला आदिवासींवर गोळीबार झाला. त्यानंतरच्या खळबळीतून १९७२ मध्ये श्रमिक संघटना उभी राहिली. अंबरसिंग सुरतवंती हे इथलेच भिल्ल कार्यकर्ते तिचा कणा होते. पुण्या-मुंबईहून डाव्या विचारांची शिकलेली तरुण मुलं आली. त्यांत इंजिनिअर असलेले कुमार शिराळकर होते, जे पुढे जन्मभर याच कामात राहिले. गेलेली जमीन परत, सालदारांची मजुरी, रोजंदारी, दुष्काळी कामं यांवर संप, मोर्चे, घेराव झाले.

इथे खाण नव्हती. पण १९७२-७३ च्या दुष्काळात महाराष्ट्रभर खडी फोडायच्या कामावर बायका होत्या, पोरं कडेला उन्हात निजवून दिवसभर दगड फोडत. शेतमजुरी असो की दुष्काळी काम, कष्टात त्यांचा वाटा मोठा होता आणि लढ्यातही. मारिया मीस या जर्मन समाजशास्त्रज्ञ बाईंनी १९७६ मध्ये शहाद्याच्या चळवळीवर लेख लिहिला. बायका घोषणा आणि गाणी रचत, झोपडी-झोपडीत जाऊन पुरुषांना बाहेर काढत, आणि मालकांशी बोलणी करताना पुरुषांपेक्षा जास्त ताठ राहत, असं त्यांनी नोंदवलंय.

मग बायकांची शिबिरं झाली. बोलणं मजुरीवरून सुरू झालं आणि घरात पोचलं. मजुरी वाढली तर ती कुठे जाते? गुत्त्यावर. गुत्त्यावरून नवरा घरी आला की काय होतं? मार. शिबिरातून उठून बायका घोळक्यानं गावोगाव गेल्या आणि दारूची मडकी फोडली. तिथेच थांबल्या नाहीत. ज्यानं बायकोला मारलं त्याच्या दारात जमायचं, त्याला चारचौघांत जाब विचारायचा, सगळ्यांसमोर माफी मागायला लावायची, इथपर्यंत त्या गेल्या. मीरा सवारा आणि सुजाता गोठोसकर यांनी 'मानुषी'त, गेल ऑम्व्हेट यांनी १९८० च्या आपल्या पुस्तकात, राधा कुमार यांनी १९९३ च्या 'द हिस्टरी ऑफ डूइंग'मध्ये शहाद्याबद्दल लिहिलंय. भारतातल्या अलीकडच्या स्त्री-चळवळीचा इतिहास सांगताना शहादा टाळून पुढे जाता येत नाही.

तरी मराठीत ही गोष्ट कशी सांगितली जाते ते पाहा. आधी जमिनीचा लढा, मजुरीचा लढा, नेते, गोळीबार, कोर्ट. आणि मग एक परिच्छेद असा येतो: 'याच काळात महिलांनी दारूबंदीसाठीही उल्लेखनीय कार्य केले.' यातल्या 'ही'मध्ये सगळं आलं. मुख्य लढा एकीकडे आणि हे समाजसुधारणेचं काम दुसरीकडे, असे दोन रकाने पडले. दारूबंदी म्हटलं की आपल्याला प्रबोधन, कीर्तन, व्यसनमुक्ती केंद्र आठवतं. शहाद्यात बायका नवऱ्यांचं प्रबोधन करत नव्हत्या. त्या मजुरीचा पाठलाग करत होत्या. मालकानं दिलेला रुपया गुत्तेवाल्याच्या गल्ल्यात गेला तर संपातून काय मिळालं, हा तो प्रश्न होता. तो अर्थकारणाचा प्रश्न होता आणि मजुरीच्या मागणीइतकाच संपाचा होता.

बाहेरच्या माणसाच्या तोंडी 'आदिवासी आणि दारू' हे शब्द नेहमी जोडीनं येतात. न्यू मेक्सिकोतल्या खाणकामगारांना जी भीती होती ती इथेही रास्त ठरली असती: आमच्या माणसांची बदनामी होईल. शहाद्याच्या बायकांनी ती भीती बाजूला ठेवली, आणि त्यानं आदिवासी पुरुषाची बदनामी झाली नाही. मडकं फोडताना त्यांनी गुत्त्याचा धंदा आणि त्याला मिळणारं संरक्षण समोर आणलं. मारणाऱ्या नवऱ्याला जाब विचारताना त्याला सुधारायला पोलिसाच्या किंवा साहेबाच्या हवाली केलं नाही, आपल्याच वस्तीसमोर उभं केलं. सिनेमात सभा तहकूब करून वस्तीची सभा भरते. इथे बायकांनी नवऱ्याच्या दारात वस्तीची सभा भरवली, आणि त्यासाठी कुणाची परवानगी घेतली नाही. सिनेमापेक्षा शहादा इथे एक पाऊल पुढे आहे, आणि सिनेमाच्या आधी शहादा घडलं असतं तर पटकथेतून जे गाळलं गेलं ते ठेवण्याची वाट कदाचित त्या लोकांना दिसली असती.

शहाद्याच्या चळवळीतूनच आलेले भिल्ल कवी वाहरू सोनवणे यांची 'स्टेज' ही कविता महाराष्ट्रात बहुतेक कार्यकर्त्यांना माहीत आहे. ज्यांचं दुःख आहे ते खाली बसलेत आणि दुसरेच कुणी स्टेजवरून त्यांना ते सांगताहेत, असा तिचा विषय. चळवळीत असलेल्या माणसानं चळवळीवर केलेली इतकी नेमकी टीका मराठीत फार नाही. मी ती वाचतो तेव्हा खाली बसलेल्यांतही पुढच्या रांगेत कोण आणि मागे पोर मांडीवर घेऊन कोण, हा प्रश्न मनात येतो. मागच्या रांगेतल्या बाईला दोन स्टेज चढायचे आहेत.

*

हा खाण आणि घर यांचा संबंध आपल्याकडच्या खाणवस्तीतही दिसतो. छत्तीसगडमधल्या (तेव्हाच्या मध्य प्रदेशातल्या) दल्ली राजहराच्या लोहखाणीत भिलाई पोलाद कारखान्यासाठी हातानं लोखंडाचा दगड काढणारे कंत्राटी मजूर होते, त्यांत बायका मोठ्या संख्येनं. शंकर गुहा नियोगी यांच्याबरोबर १९७७ मध्ये त्यांनी छत्तीसगड माइन्स श्रमिक संघ उभा केला. त्या वर्षीच्या मागण्यांत एक मागणी पावसाळ्याआधी झोपड्या शाकारण्यासाठी भत्ता मिळावा ही होती. घर यादीत होतं, आणि वरती होतं. २ आणि ३ जून १९७७ ला पोलिसांनी गोळीबार केला. अकरा माणसं गेली, त्यांत अनसूयाबाई होत्या. पुढे याच युनियनच्या उपाध्यक्ष कुसुमबाई बाळंतपणात नीट उपचार न मिळाल्यानं वारल्या. युनियननं शोकसभा घेऊन विषय संपवला नाही. मजुरांच्या वर्गणीतून आणि श्रमातून शहीद हॉस्पिटल उभं राहिलं, ते १९८३ मध्ये सुरू झालं. बाळंतपण हा युनियनचा विषय होऊ शकतो, हे तिथं विटा-सिमेंटमध्ये दिसतं.

महाराष्ट्रात रोजगार हमीचा कायदा १९७९ पासून लागू झाला. कामाच्या जागी पिण्याचं पाणी, लहान मुलांसाठी सावली, त्यांना सांभाळायची सोय या गोष्टी रोजगार हमीच्या तरतुदींत आल्या. प्रत्यक्षात किती कामांवर त्या मिळाल्या हे खडी फोडलेल्या कुठल्याही बाईला विचारावं. पण त्या कागदावर येण्यालाही अर्थ आहे. दुष्काळी कामावर पोर उन्हात ठेवून दगड फोडणाऱ्या बायकांची अडचण ही कामाचीच अडचण आहे, हे सरकारला मान्य करावं लागलं.

याउलट आपलं संपाचं साहित्य आणि सिनेमा. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या गिरणी संपानं मराठीला मोठं लेखन दिलं. जयंत पवारांचं 'अधांतर' हे त्यातलं मोठं नाटक आणि मला ते आवडतं. पण ते ज्या खोलीत घडतं तिथे संप बाहेरून येतो, आजारपणासारखा. आई त्याचे घाव झेलते, पोरांना सावरते, मोडते. संप करणारी ती नाही, सोसणारी आहे. 'अधांतर' त्या घराबद्दल खरंच बोलतं, म्हणून तो त्याचा दोष म्हणता येणार नाही. पण एकापाठोपाठ एक कलाकृतींतून हीच आई भेटत राहिली की संपातल्या बाईचं चित्र तेवढंच उरतं. त्याच मुंबईतल्या पार्वतीबाई भोर यांची 'एका रणरागिणीची हकिकत' १९७७ पासून छापलेली आहे. गिरणीच्या दारावर बायकांना संघटित करणाऱ्या बाईनं स्वतः सांगितलेली ती गोष्ट. आपल्या नाटक-सिनेमाला सोसणाऱ्या आईपेक्षा ही बाई फार कमी सुचली आहे.

आमच्या घरातही हेच झालंय. आजोबा धुळ्यात मिलमध्ये होते. त्यांच्या संपाच्या गोष्टी मी लहानपणापासून ऐकल्या: कोण बोललं, कोण फुटलं, कुणाच्या डोक्यात लाठी बसली. आजीला आम्ही माय म्हणायचो. कॉलेजात असताना एकदा तिला विचारलं, 'माय, संपात तू काय केलंस?' ती म्हणाली, 'काय करतू? घर चालाडं.' मग विचारत गेल्यावर एकेक निघालं. शेंगा फोडायला जाणं, गोधड्या शिवून देणं, दुकानदाराशी उधारीवरून भांडण, आणि चाळीतल्या पाच-सहा बायकांनी आळीपाळीनं एकाच चुलीवर सगळ्यांचा स्वयंपाक करणं, म्हणजे सरपण वाचेल. ही शेवटची गोष्ट ऐकून आजोबाच चकित झाले. एवढे दिवस आपण कुणाच्या चुलीवरचं खात होतो हे त्यांना ठाऊक नव्हतं. त्यांच्या संपाच्या गोष्टीत ती चूल कधीच आली नव्हती, कारण त्यांच्या लेखी ती संपाचा भाग नव्हतीच.

'सॉल्ट ऑफ द अर्थ'च्या शेवटी शेरीफ एस्पेरांझाच्या घरातलं सामान बाहेर काढायला येतो. माणसं एका दारानं सामान बाहेर ठेवतात, वस्तीतले लोक ते उचलून पुन्हा आत नेतात. गर्दी वाढत जाते आणि शेरीफ निघून जातो. विजय झाला असं सिनेमा सांगतो. पुढचं सांगत नाही. १९७८ मध्ये डेबोरा रोझेनफेल्ट यांनी ही पटकथा दीर्घ टिपणासह पुस्तकरूपानं काढली, त्यासाठी त्या संपातल्या बायकांशीही बोलल्या. संपात जे बदललं ते संपानंतर घराघरांत सगळं टिकलं नाही, असंच ते वाचून कळतं. पहारा संपला की बाई घरी येते आणि घरात कपडे धुवायची पाळी पुन्हा तिची होते. सिनेमाला शेवट हवा असतो, म्हणून हे त्याच्या चौकटीत मावलं नाही. आपल्या लेखनाला मात्र ती सबब नाही.

म्हणून संपाबद्दलचं पुढचं पुस्तक, नाटक किंवा सिनेमा हातात येईल तेव्हा त्यात बायका आहेत का, एवढं पाहून मी समाधान मानणार नाही. मोर्चाच्या फोटोत बायका असतातच. मी मागण्यांची यादी बघेन. कुठली मागणी 'नंतर'मध्ये टाकली होती, ती कुणी वर आणली, त्यासाठी सभा कुणी तहकूब केली. शहाद्याच्या बायकांनी फोडलेल्या मडक्यांना मजुरीच्या लढ्याच्या प्रकरणातच जागा द्यायला हवी. दारूबंदीच्या वेगळ्या परिच्छेदात ती अजून किती वर्षं ठेवायची?